घंटाळीतला रंगवर्ग: फी वसूल, ट्यूबलाइट मात्र बदला

आधी निकाल सांगते, मग बाकीचं. ठाण्यात घंटाळीला भरणारा, रंग पारखायला शिकवणारा हा वर्ग चांगला आहे, जा. शनिवार-रविवार दोन दिवस, फी २,२०० रुपये. त्यात कागद, कटर आणि दोन वेळचा चहा धरलेला आहे. कापड, शिवण, रांगोळी, छपाई, घराची सजावट, असा रंगाशी रोजचा व्यवहार असलेल्या कुणालाही उपयोग होईल. चित्रं काढायला शिकायचं असेल तर पैसे वाचवा. दोन दिवसांत तिथे कुणी हातात ब्रश देत नाही.

हे मी कोणत्या अधिकाराने सांगते? जांभळी नाक्याच्या बाजारात आमचं मॅचिंग सेंटर आहे. सासऱ्यांनी टाकलेलं दुकान; लग्न होऊन आले तेव्हापासून मी काउंटरला उभी आहे. रुबिया, पॉपलीन, अस्तर, फॉल, परकराचं कापड. बाई पिशवीतून साडी काढते, मी मागच्या फळीवरून तागे ओढते आणि मग आमचं दोघींचं सुरू होतं. हा जरा लालसर वाटतो, तो मळका वाटतो, बाहेर उजेडात दाखवा. साडीचं टोक आणि तागा घेऊन दुकानाच्या पायरीवर जायचं, हा आमचा दिवसभराचा व्यायाम. भाची अप्लाइड आर्टला आहे. तिने वर्गाची जाहिरात पाहिली आणि म्हणाली, "मावशी, तू जे करतेस त्याचाच क्लास आहे." म्हटलं, मग फी त्यांनी मला द्यायला हवी.

जागा घंटाळी देवीच्या देवळामागच्या गल्लीत, जुन्या इमारतीच्या पहिल्या मजल्यावरचा हॉल. लिफ्ट नाही. गाडी आणायचा विचारही करू नका, स्टेशनवरून चालत या. शिकवणारे सर कला महाविद्यालयातून निवृत्त झालेले, आवाज हळू पण घड्याळाचे पक्के. आमच्या तुकडीत आर्किटेक्चरची दोन मुलं, रांगोळीची कामं घेणारी एक बाई, वर्तकनगरचा एक बुटीकवाला, आणि आईने ओढून आणलेला, चित्रकलेच्या इंटरमीजिएट परीक्षेला बसणारा एक मुलगा. त्याच्या आईला वाटत होतं मार्क वाढतील. पहिल्याच तासाला सरांनी सांगून टाकलं की रंगचक्र, म्हणजे रंगांचा तो गोल तक्ता, शेवटच्या दिवशी, वेळ उरला तर. आईचा चेहरा बघण्यासारखा झाला.

सगळा वर्ग एका माणसावर उभा आहे: योझेफ आल्बर्स. जर्मन चित्रकार, आणि चित्रकार म्हणून जेवढा मोठा तेवढाच शिक्षक म्हणून. त्याच्या रंगाच्या वर्गातले पाठ १९६३ साली येल युनिव्हर्सिटी प्रेसने पुस्तक म्हणून छापले, आणि जगभरच्या कला महाविद्यालयांत ते आजही करून घेतात. त्यातलेच निवडक पाठ सर आपल्याला करायला लावतात.

पहिला पाठ ऐकायला फालतू वाटतो. एका मातकट पिवळ्या कागदाचे दोन लहान चौकोन कापायचे. मग मोठ्या कागदांच्या ढिगातून असे दोन कागद शोधायचे की त्यांच्यावर ठेवल्यावर हे दोन चौकोन एकाच कागदाचे आहेत यावर बघणाऱ्याचा विश्वास बसू नये. मी एक गडद निळ्यावर ठेवला, दुसरा झगझगीत पिवळ्यावर. निळ्यावरचा उजळला, हळदीसारखा दिसायला लागला. पिवळ्यावरचा विझला, शेवाळी झाला. बुटीकवाला म्हणाला, तुम्ही दोन वेगळे कागद घेतले आहेत. मग सरांनी त्याच मातकट कागदाची एक लांब पट्टी दोन्ही चौकोनांना जोडून ठेवली, तेव्हा तो गप्प बसला. मला नवल वाटलं ते त्याच्या अविश्वासाचं. ही फसवाफसवी माझ्या काउंटरवर रोज होते. चिंतामणी रंगाची साडी, राणी काठ. अंगाला तंतोतंत जुळणारं रुबिया नुसतं हातात धरलं तर छान वाटतं, काठाशेजारी नेलं की लगेच उतरतं. म्हणून आम्ही तुकडा कधी साडीच्या मधोमध ठेवून दाखवत नाही, काठ आणि अंग मिळतात तिथे ठेवतो. हे मला कुणी शिकवलेलं नाही, हाताला आपोआप लागलेलं वळण आहे. उजेड बदलला की रंग बदलतो हे आमच्या धंद्यात शेंबड्या पोरालाही माहीत असतं. पण उजेड तोच ठेवून नुसता शेजारी बदलला तरी रंग बदलतो, आणि तो किती व कुठल्या दिशेला सरकेल याचा अंदाज बांधता येतो, हे कुणीतरी पायरी-पायरीने समोर मांडलं तेव्हा बरं वाटलं.

याच ठिकाणी सरांनी जी गोष्ट सांगितली तेवढ्यासाठीसुद्धा मी फी दिली असती. पॅरिसला गोब्लँ नावाचा राजवाड्यांसाठी भिंतपडदे विणणारा कारखाना होता. तिथल्या रंगखात्यावर शेव्ह्रल नावाचा रसायनशास्त्रज्ञ १८२४ साली नेमला गेला. तक्रार आली की काळ्या धाग्याचा रंग कच्चा आहे, निळ्या-जांभळ्या वस्त्रांच्या सावल्यांमध्ये तो फिका दिसतो. त्याने धागा तपासला, दुसरीकडचे काळे धागे आणून ताडून बघितले. रंगात खोट नव्हती. शेजारच्या निळ्या-जांभळ्यामुळे काळा मार खात होता. त्यावर त्याने १८३९ मध्ये मोठा ग्रंथ लिहिला आणि पुढे चित्रकारांनी तो डोक्यावर घेतला. म्हणजे या सगळ्या थोर विद्येची सुरुवात गिऱ्हाइकाच्या "रंग कच्चा आहे" या तक्रारीतून झालेली आहे! मी सरांना म्हटलं, हे तुम्ही जाहिरातीत लिहा, निम्मा जांभळी नाका येईल.

दुसरा पाठ उलटा: दोन वेगळे कागद घेऊन ते एकसारखे दिसतील अशा पार्श्वभूमी शोधायच्या. हा कठीण आहे. इथे आर्किटेक्चरची पोरं वैतागली, आणि रांगोळीवाल्या ताईंनी सगळ्यांच्या आधी जुळवून दाखवला. कारण विचारलं तर म्हणाल्या, "रंग बघायचाच नाही, तो कुठे पळतोय ते बघायचं." सरांनी ते वाक्य फळ्यावर लिहिलं.

तिसरा पाठ मला सोपा गेला. दोन रंगीत पट्ट्या एकमेकींवर आडव्या टाकल्या आहेत आणि वरची पारदर्शक आहे असा भास निर्माण करायचा, पण सगळे कागद जाडजूड, आरपार काहीच दिसत नाही. फक्त दोन्ही पट्ट्या जिथे एकमेकींना छेदतात तिथे नेमका तिसरा कागद निवडून बसवायचा. धूपछावच्या साड्या हाताळलेल्या माणसाला हा तिसरा रंग शोधावा लागत नाही. उभा धागा मोरपंखी, आडवा राणी, आणि डोळ्याला दिसतो तो जांभळट. हे हिशेब आम्ही नकळत करत असतो. फरक एवढाच की कापडात रंग खरोखर मिसळतात आणि इथे मिसळल्याचं नुसतं नाटक.

लाल वर्तुळाकडे टक लावून बघायचं आणि नजर पांढऱ्यावर न्यायची, मग तिथे हिरवट वर्तुळ तरंगतं, हा खेळ तुम्ही लहानपणी केला असेल. मला त्यात दुकान दिसलं. लग्नाचा लाल शालू बराच वेळ उलगडून बसलेल्या बाईला नंतर पांढरं अस्तर दाखवलं की ती म्हणते, हे हिरवट आहे, दुसरं काढा. आता मी भांडणार नाही. शालू घडी करून पिशवीत ठेवायला सांगेन, पाणी देईन आणि तेच अस्तर पुन्हा दाखवेन.

जेवणाच्या सुट्टीनंतर स्लाइड्स. इथे वर्ग जरा ढेपाळतो. मिसळ खाऊन आलेली माणसं, अंधार केलेला हॉल, वर सनावळ्या. आल्बर्स स्वतः व्याख्यान द्यायच्या भानगडीत फारसा पडत नसे, आधी करा मग बोलू, असा त्याचा खाक्या होता. सरांनीही तेच करावं. तरी आल्बर्सचं आयुष्य असं आहे की पूर्ण झोप लागत नाही.

हा माणूस १९ मार्च १८८८ ला जर्मनीतल्या बोट्रोपला जन्मला. कोळशाच्या खाणींचा मुलूख. वडील घरं रंगवायचे, शिवाय सुतारकाम, नळाचं काम, जे पडेल ते. पोराला त्यांनी दार रंगवायला शिकवलं ते असं: मध्यापासून सुरुवात कर आणि कडेला जा, म्हणजे ओघळ टिपता येतात आणि बाही खराब होत नाही. पुढे जगातल्या मोठमोठ्या संग्रहालयांत गेलेले चौकोन त्याने याच पद्धतीने रंगवले, आतला आधी, मग बाहेरचे. मला हे फार आवडलं. चित्रकाराच्या घरात जन्मलेला चित्रकार मला तितका भावला नसता.

आधी तो प्राथमिक शाळेत मास्तर होता. मग बर्लिनला चित्रकला शिक्षकाचं प्रमाणपत्र, म्युनिकला चित्रकार फ्रान्झ फॉन श्टुककडे शिक्षण, आणि १९२० मध्ये, वयाच्या ३२ व्या वर्षी, वायमारच्या बाऊहाउस या कलाशाळेत पुन्हा विद्यार्थी म्हणून दाखल. आपल्याकडे ३२ व्या वर्षी पोरांच्या शाळेचे फॉर्म भरतात. साहित्याला पैसे नव्हते, म्हणून पाठीवर पिशवी आणि हातात हातोडी घेऊन तो गावाच्या उकिरड्यावर जायचा आणि फुटक्या बाटल्यांच्या काचा आणायचा. त्या तारेने आणि शिशाने जोडून केलेली काचचित्रं स्लाइडवर दाखवली तेव्हा हॉलमध्ये खरोखर शांतता झाली. संस्थेने त्याला भिंतीरंगकामाच्या कार्यशाळेत जायला सांगितलं होतं. हा काचेला चिकटून राहिला आणि शेवटी त्यांनीच त्याला काचेचं काम सोपवलं. १९२३ पासून बाऊहाउसचा संस्थापक वॉल्टर ग्रोपियस याच्या सांगण्यावरून तो पहिल्या वर्षाच्या मुलांना शिकवायला लागला. तिथला त्याचा प्रसिद्ध पाठ म्हणजे वर्तमानपत्रांचा गठ्ठा ठेवायचा आणि म्हणायचं, यातून असं काही करा की कागदाचा कागदपणा वापरला जाईल, आणि कचरा होऊ देऊ नका. कुणी किल्ले केले, कुणी बोटी. त्याने उचलून धरला तो नुसता घडी घालून उभा केलेला कागद.

१९३३ मध्ये नाझींच्या दबावाखाली बाऊहाउस बंद पडलं. बायको आनी ज्यू घराण्यातली. त्याच वर्षाच्या अखेरीस दोघं अमेरिकेत, नॉर्थ कॅरोलायनातल्या ब्लॅक माउंटन कॉलेजात पोचली. इंग्रजी जवळपास नाही, आणि शिकवायचं मात्र पहिल्या दिवसापासून. तिथे शिल्पकार रूथ आसावा, चित्रकार रॉबर्ट रॉशेनबर्ग असे विद्यार्थी त्याच्या हाताखालून गेले. रॉशेनबर्गचं आणि त्याचं अजिबात पटायचं नाही, तरी आपले सर्वांत महत्त्वाचे शिक्षक म्हणून रॉशेनबर्गने नाव घेतलं ते याच माणसाचं. १९५० ला येल विद्यापीठात डिझाइन विभागाचा प्रमुख झाला, आणि त्याच सुमारास ‘होमेज टू द स्क्वेअर’ ही चौकोनांची मालिका सुरू केली. वय ६२. आमच्या सरकारी नोकरीतल्या पाहुण्यांना ५८ ला शाल-श्रीफळ देऊन घरी बसवतात. याने तिथून सुरुवात करून मरेपर्यंत हजारावर चौकोन रंगवले. एकात एक बसवलेले तीन किंवा चार, मध्यभागी नाही, खाली झुकलेले. हार्डबोर्डवर, पांढऱ्या लेपाचे थर देऊन, बहुतेक रंग ट्यूबमधून काढले तसेच, न मिसळता, सुरीने पसरलेले. आणि प्रत्येक चित्राच्या पाठीमागे कोणत्या कंपनीचा कोणता रंग वापरला ते लिहिलेलं, जसा आमच्या ताग्याच्या टोकाला लॉट नंबर. ज्याला एकाच नावाच्या दोन लॉटमध्ये फरक पडतो हे माहीत आहे तोच असं लिहून ठेवतो. १९७१ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयाने त्याच्या चित्रांचं मोठं प्रदर्शन भरवलं. हयात चित्रकाराला हा मान तिथे पहिल्यांदाच मिळाला. २५ मार्च १९७६ ला गेला, ८८वा वाढदिवस होऊन आठवडाही झाला नव्हता.

एक तक्रार लिहायलाच हवी. आनीवर स्लाइड किती? दोन. त्यातली एक लग्नाच्या सुमाराची. मी विचारलं तर सर म्हणाले, विषय रंगाचा आहे. असू दे, पण चहाच्या वेळी भाचीने फोनवर शोधून दाखवलं ते असं: बाऊहाउसमध्ये मुलींना बहुतेक विणकामाकडेच ढकलायचे, तशी ही नाइलाजाने मागावर बसली. आणि तिने बर्लिनजवळच्या बेर्नाऊच्या एका शाळेच्या सभागृहासाठी असं कापड विणलं की एका बाजूने आवाज शोषून घेईल आणि दुसऱ्या बाजूने उजेड परतवेल, सेलोफेन घालून! १९४९ मध्ये न्यूयॉर्कच्या मॉडर्न आर्ट संग्रहालयात तिचं स्वतंत्र प्रदर्शन झालं, विणकाम करणाऱ्या कलाकाराचं तिथलं पहिलं. पंधरा माणसांपैकी निम्मी कापडाच्या धंद्यातली बसली असताना ही बाई दोन स्लाइडमध्ये गुंडाळणं बरोबर नाही. निदान अर्धा तास द्या. सनावळ्यांतून काढा.

आता ट्यूबलाइट. हॉलमध्ये एका टोकाला निळसर पांढरी ट्यूब, दुसऱ्या टोकाला पिवळा दिवा, आणि खिडकी एकाच बाजूला. दुपारी स्लाइडसाठी पडदे ओढले की ते संध्याकाळपर्यंत तसेच. माझ्या टेबलावर जुळलेला कागद रांगोळीवाल्या ताईंच्या टेबलावर जुळत नव्हता. रंगाच्या वर्गात हे चालत नाही. मी सांगितलं तर सर हसून म्हणाले, "ताई, आल्बर्सही ट्यूबलाइटखालीच काम करायचा." खरं आहे, नंतर त्यांनीच समजावलं: त्याच्या कामाच्या जागेत पिवळसर आणि निळसर अशा दोन्ही जातींच्या ट्यूब ठरवून, क्रमाने लावलेल्या होत्या. म्हटलं, सर, तेच तर. त्याने ठरवून लावल्या होत्या, इथे इलेक्ट्रिशियनकडे जी शिल्लक होती ती लावली आहे. "पुढच्या बॅचला बघू," म्हणाले. बघा नक्की.

कागदही सुधारायला हवेत. अर्धे कागद घोटीव, चमकणारे. चमक आली की मूळ रंग दिसत नाही, वरचा दिवा दिसतो. दुसऱ्या दिवशी मी दुकानातून रुबियाचे कटपीस आणि जुनं शेड कार्ड नेलं. सुती कापड, चमक नाही, आणि एकाच रंगाच्या सात-आठ छटा हाताशी. "एका रंगाचे दोन" हा पाठ कापडावर इतका स्पष्ट झाला की सरांनी माझ्या टेबलाभोवती सगळ्यांना बोलावलं. पुढच्या तुकडीसाठी एक संच हवा म्हणाले. देईन, कटपीसच्या भावात.

मुलांना पाठवावं का? इंटरमीजिएटवाला मुलगा दुसऱ्या दिवशी आईशिवाय, स्वतःहून आला आणि सगळ्यांत मागे रेंगाळला. मार्कांचं मला माहीत नाही. बुटीकवाला अर्ध्यात गेला, त्याला या मोसमातले चालू रंग कोणते ते हवं होतं. तसं काही इथे मिळत नाही. उत्तरं पाठ करून घरी नेण्याचा हा वर्गच नाही. रंगचक्र अखेर आलं, शेवटच्या पंधरा मिनिटांत, आणि तोवर कुणाला त्याची फार गरज उरली नव्हती.

दुकानात मी आता काउंटरवर साधं राखी कापड अंथरलं आहे, म्हणजे खालचा रंग मध्ये लुडबुडत नाही. मुलगा म्हणतो, दुकान सुतकात असल्यासारखं दिसतं. दिसू दे. पायरीवरच्या फेऱ्या कमी झाल्या आहेत.

जाणाऱ्यांसाठी: चष्मा विसरू नका, गम स्टिक स्वतःची न्या (तिथली वाळलेली असते), दुसऱ्या दिवशी शक्य असेल तर स्वतःच्या कामातले रंग, म्हणजे कापड, धागे, रांगोळी, टाइल्सचे तुकडे, बरोबर घ्या. पुढची तुकडी दिवाळीनंतर आहे. नाव नोंदवताना खिडकीकडची जागा मागून घ्या, तिथे चारच टेबलं आहेत आणि त्यातलं एक मी दुसऱ्या भागासाठी आधीच सांगून ठेवलं आहे.